वीणेपुढचा नारळ

या, असे जवळ सरका. भिंतीला टेकून ऐकायची गोष्ट नव्हे ही. आमच्या एकोडीत एका माणसाने आपला गुन्हा कबूल करायचा हट्ट धरला आणि अख्खं गाव त्याला निर्दोष ठरवायला धावलं, त्याची कथा सांगतो. आयुष्यभर कीर्तनं ऐकली, पण त्या काल्यासारखं कीर्तन मला दुसरं लाभलं नाही.

आमच्याकडे धान कापून खळ्यावर भाऱ्यांचे पुंजणे रचले गेले की मारुतीच्या देवळात सप्ताह बसतो. सात दिवस वीणा खाली टेकवायची नाही. एकाच्या गळ्यातून दुसऱ्याच्या गळ्यात. शेवटच्या दिवशी काल्याचं कीर्तन, आणि त्याआधी गावची एक रीत. वर्षभरात आपल्या हातून कोणाचं वाईट झालं असेल, तर वीणेपुढे नारळ ठेवायचा, सगळ्यांसमोर सांगायचं. ज्याचं वाईट झालं त्याने तो नारळ फोडायचा आणि काय भरपाई हवी ते बोलायचं. मग दोघांनी एका पंगतीत काला खायचा.

फक्त ज्याच्या अंगात वारं येतं, त्याला नारळ माफ. त्याच्या हातून जे होतं ते तो करत नाही, वारं करतं, असं पंच म्हणत.

या माफीचा सगळ्यात जुना मानकरी म्हणजे भजनी मंडळाचा प्रमुख जागेश्वर. बायकोच्या भाजीत मीठ कमी पडलं की त्याच्या अंगात वारं येई. तलाठ्यासमोर कधी आलं नाही, फौजदारासमोर तर नाहीच. मोठं समजूतदार वारं. त्या बायकोचा, रुखमाबाईचा, डावा हात मोडून वाकडा बसला, तेव्हाही गावाने वाऱ्याला नावं ठेवली आणि जागेश्वरला चहा पाजला.

खरा आजार होता तुलारामला. गोड गळ्याचा, कष्टाळू माणूस. पण मध्येच त्याची झोप उडे, बोलणं थांबेना, आणि कोणाला न दिसणारं त्याला दिसू लागे. नागपूरच्या डॉक्टरने गोळ्या दिल्या आणि बजावलं: गोळी सोडायची नाही, झोप कमी झाली तर लगेच यायचं. तुलाराम नेमाने गोळी घेई. चार वर्षं बरा होता.

आणीबाणी उठली त्या सालच्या सप्ताहात वीणेच्या पहाऱ्यावर उभा असताना त्याची मान लवली. गोळीने सुस्ती यायचीच.

जागेश्वर म्हणाला, "देवापुढं डुलक्या घेतं का गा, तुलाराम? सात दिवस गोळ्या ठेव ना घरी. इथं खुद्द पांडुरंग उभा हाय. तो का तुले येडा होऊ देईन?"

तुलारामने गोळ्यांची डबी फडताळात ठेवली. पुढे त्याची मान लवली नाही. डोळाही मिटला नाही. ज्यांची पाळी होती ते "काय भक्ती आहे बापा" म्हणत घरी जाऊन झोपले आणि वीणा तुलारामच्याच गळ्यात राहिली. बायका त्याच्या पायावर लेकरं घालू लागल्या. एका सासूने तर त्याच्या पायाचं तीर्थ सुनेला पाजलं. वैद्यकात ज्याला आजाराचं लक्षण म्हणतात, त्याची आमच्या गावात आरती झाली.

सहाव्या दिवशी भर दुपारी तुलारामने वीणा दुसऱ्याच्या गळ्यात घातली, गोदावरीबाईच्या खळ्यावर गेला आणि तिचा पुंजणा पेटवून दिला. धानात राक्षस दडले आहेत, ते गाव खाणार, असं ओरडत होता. एक अभंग संपेपर्यंत त्या विधवा बाईचं वर्षाचं धान संपलं. सकाळी ज्यांनी पाय धरले होते, त्यांनीच ते पाय दोराने बांधले.

होळीच्या सुमारास तो नागपूरच्या इस्पितळातून परत आला. चेहरा सुजलेला, बोलणं सावकाश, पण ताळ्यावर. त्या आषाढात गोदावरीबाई दुसऱ्यांच्या भाताच्या बांधीत मजुरीने रोवणा करत, रोपं लावत होती. चिखलात वाकलेली म्हातारी बाई त्याने शेताच्या धुऱ्यावरून पाहिली आणि तसाच पंचांकडे गेला. "औंदा काल्याले माझा नारळ घ्या."

"तुले माफ हाय," गोमाजीकाका म्हणाले. ते पंचांत वडील. "तू कुठं केलं ते? वाऱ्यानं केलं."

"आजारानं केलं, काका. काडी ओढली तवा मी माझा नव्हतो, हे खरं. पण गोळ्या फडताळात ठेवल्या तवा त होतो ना? डॉक्टरनं सांगितलं होतं. तेवढा गुन्हा तरी माझ्या नावावर राहू द्या."

"अन येड्याचा नारळ घेतला, त उद्या?"

"उद्या काय?"

गोमाजीकाकांनी जागेश्वरकडे पाहिलं. "उद्या शहाण्यायचेही नारळ मागावे लागतीन."

तर गावाने तुलारामला पुन्हा एकदा प्रेमाने माफ केलं. माफी मोठी गमतीची चीज असते. जागेश्वरला ती मिळाली तर तो प्रमुख राहिला. तुलारामला मिळाली, तर कोणी त्याला बैल उसना देईना, टाळ हाती देईना; बैठकीत बोलला तर लोक "हो हो" म्हणून हसत. ज्याचा गुन्हा धरत नाहीत, त्याचा शब्दही धरत नाहीत. नारळ फुटल्याशिवाय आपण या गावात माणूस होणार नाही, हे त्याला कळलं होतं.

काल्याचा दिवस आला. पवनीकडचे बुवा चिपळ्या घेऊन उभे. तुलाराम गर्दीतून पुढे आला आणि वीणेपुढे नारळ ठेवला.

"उचल ते," जागेश्वर म्हणाला.

"राहू द्या," बायकांतून गोदावरीबाई उठली. वर्षभर ती तुलारामशी एक शब्द बोलली नव्हती. "पुंजणा माझा जळला, त नारळही माझाच." ती त्याच्यासमोर येऊन उभी राहिली. "गोळी घेतली आज?"

"घेतली, मावशी."

"एकादशीले?"

"एकादशीलेही."

"मंग आयक. रोज सकाळी माझ्या घरी यायचं, माझ्यासमोर गोळी गिळायची. माझ्या बांधीत राबायचं. अन माझा पुंजणा मळणी होतपर्यंत तूच राखायचा."

देवळात कुजबुज उठली. आग लावणाऱ्यालाच राखण? बाईने कोणाकडे पाहिलं नाही. पायरीवर नारळ आपटला. एका घावात दोन वाट्या. तुलाराम तिथेच बसला आणि लहान पोरासारखा रडला.

वाट्या हातात घेऊन ती म्हणाली, "अन गोळ्या ठेव घरी म्हणणाऱ्याचा नारळ कुठी हाय?"

मग रुखमाबाई उठली, वाकड्या हाताने प्रसादाच्या टोपलीतला एक नारळ घेतला आणि नवऱ्यापुढे ठेवला. "ह्यायचाही नारळ हाय जी. ह्यायच्या ध्यानात राहत नाही, म्हणून म्या आणला."

त्याच क्षणी जागेश्वरच्या अंगात वारं आलं. असं घुमलं की टोपी उडाली. गोमाजीकाका वारं उतरवणारं लिंबू शोधायला उठले.

"बसा जी," गोदावरीबाई म्हणाली. "येऊ द्या. जाईन तवा पाहू. नारळ काही पळून नाही जाऊन राहिला."

बुवा मोठे रसिक. त्यांनी मृदंगवाल्याला खूण केली आणि अभंग धरला. सगळे टाळ वाजवू लागले, वाऱ्याकडे बघायला कोणी मोकळं राहिलं नाही. दुसऱ्या चरणाला घुमणं मंदावलं. तिसऱ्याला जागेश्वरने एक डोळा उघडला. नारळ तिथेच होता. शेवटी त्याने तो उचलून वीणेपुढे ठेवला आणि "माझ्या हातून झालं" एवढंच पुटपुटला.

रुखमाबाईने नारळ घेतला, पण फोडला नाही. "पुढच्या सालाले पाहू," म्हणाली आणि पदरात बांधून घरी नेला. चुलीजवळच्या फळीवर ठेवला. तो तिथे होता तोवर भाजी कितीही अळणी झाली, तरी वारं आलं नाही.

तुलाराम पुढे आणखी एकदा आजारी पडला. पण त्या वेळी तो स्वतःच सकाळी म्हणाला, "मावशी, झोप येऊन नाही राहिली." गोदावरीबाईने त्याच दिवशी त्याला एस.टी.त बसवून नागपूरला नेलं. ती होती तोवर दर साली तिचा पुंजणा त्यानेच राखला.

आता प्रसाद घ्या. तुमच्या गावच्या सप्ताहात कोणी रात्रंदिवस डोळा न मिटता वीणा धरून उभा दिसला, तर पाया पडण्याआधी आमच्या तुलारामची आठवण काढा, आणि त्या माणसाला हळूच विचारा, बाबा, तू शेवटचा झोपला कधी होतास?