गाठोड्यांचा पाक

ज्या पत्राला आपण कधी उत्तरच दिलं नाही, ते पत्र ग्रंथपालांना इस्पितळाच्या जिन्यात आठवलं. हातात सूपचा डबा होता. वर नेताना होता तेवढाच आताही जड. उतरताना सूप हिंदकळून झाकणाखालून बोटांवर आलं, आणि ते कठडा धरून मधल्याच पायरीवर थांबले.

पत्र बायकोचं होतं, बरंच जुनं. ती लेकीच्या बाळंतपणासाठी तिच्याकडे जाऊन राहिली होती. निघण्याआधी तिनं सफरचंदाची गाठोडी करून फ्रिजमध्ये ठेवली होती. सफरचंद सोलायचं, मधलं बी काढून पोकळ करायचं, पोटात साखर नि लोणी भरायचं, मग मैद्याच्या पारीचे चार कोपरे वर उचलून मुरडायचे आणि मसाल्याच्या पाकात ते सगळं ओव्हनमध्ये भाजायचं. दुसऱ्यांच्या घरी याला काय म्हणतात कोण जाणे, यांच्या घरी गाठोडी म्हणत. पत्रात तिनं लिहिलं होतं, "रोज एक गरम करून खा आणि कशी झालीत ते कळवा. या वेळी पाकात थोडा बदल केलाय. नुसतं 'छान' लिहू नका."

आणि तिथंच घोडं पेंड खात होतं. ग्रंथपालांनी गाठोडी संपवली होती ती एक जाडजूड प्रवासवर्णन वाचता वाचता. उत्तर लिहायला बसले तेव्हा त्यांच्यापाशी 'छान'खेरीज दुसरं काही नव्हतं. त्यांनी बरेच कागद फाडले. उद्या लिहू, परवा लिहू म्हणता म्हणता ती परत आली. तिनं विचारलं नाही, आणि ग्रंथपालांना सुटल्यासारखं झालं.

आता तिला विचारताच येणार नव्हतं. पक्षाघाताच्या झटक्यानं तिची उजवी बाजू गेली होती, आणि वाचाही. सगळी भाषा पुसली गेली आणि एकच शब्द तेवढा मागे राहिला, "अहो". पाणी हवं, अहो. उशी टोचते, अहो. खिडकी लावा, अहो.

"आजोबा, मी माझ्या नवऱ्याला कधी अहो म्हटलं नाही," वॉर्डातली नर्स म्हणायची, "आणि आजी मला दिवसभर अहो अहो करतात. एवढा मान माझ्या सात पिढ्यांत कुणाला मिळाला नसेल!"

बायको खात मात्र नव्हती. गिळायची तपासणी झाली होती, चमच्यानं दाबलं की मोडेल असं मऊ काही चालेल म्हणाले होते. पण चमचा आला की ती डाव्या हातानं तो परतवायची. डॉक्टर तरुण होता, बोलायला चांगला होता, आणि त्याचं खोटं नव्हतं. "सोमवारपर्यंत वाट बघू. नाहीतर नाकातून नळी घालावी लागेल. दुसरा इलाज नाही."

नळी म्हणजे काय ते ग्रंथपालांना ठाऊक होतं. सासूबाईंना शेवटी नळी होती. त्या ती उपसून काढायच्या, म्हणून त्यांचे हात पलंगाला बांधले होते. त्या खोलीतून बाहेर पडल्यावर बायकोनं भर रस्त्यात त्यांचा दंड धरला होता. "माझ्यावर ही वेळ आणणार नाही असं म्हणा." आणि ते म्हणाले होते. पुस्तकातून डोकं काढून, तिच्या डोळ्यांत बघून, पूर्ण शुद्धीत म्हणाले होते.

शुक्रवारी शेजारच्या पलंगावरच्या बाईंकडे कुणीतरी फळांची टोपली आणली. बायकोनं हात लांबवला. आईसाठी येऊन राहिलेल्या लेकीनं एक सफरचंद उचलून तिच्यापुढे धरलं, पण तिनं ते घेतलं नाही. त्याच्यावर पाची बोटं पालथी ठेवली, हळूहळू वर गोळा केली आणि शेंड्यापाशी पीळ दिला.

"गाठोडी!" लेक ओरडली. "बाबा, आई गाठोडी मागतेय!"

"अहो," बायको म्हणाली, आणि उशीवर डोकं टाकलं.

ग्रंथपालांच्या अंगात दहा हत्तींचं बळ आलं. ते घरी पोचेपर्यंत टिकलं. स्वयंपाकघरात पाऊल टाकलं तेव्हा त्यांना कळलं की मैदा कुठल्या डब्यात असतो हेही आपल्याला माहीत नाही.

"पाकात काय घालायची ती?" त्यांनी लेकीला विचारलं.

"मला विचारताय? मला शिजलेलं सफरचंद बघवतसुद्धा नाही, जन्मात कधी खाल्लं नाही. तुम्ही खाल्लीत. दर मोसमात. ताटलीभर!"

"दालचिनी असावी."

"असावी?"

"होती. दालचिनी होती. आणखी काहीतरी होतं."

"आडातच नाही तर पोहऱ्यात कुठून येणार!" लेक हातातला चमचा आपटून म्हणाली, आणि मग तिला स्वतःच्याच बोलण्याचं वाईट वाटलं असावं, कारण ती मुकाट्यानं लोणी मोजायला लागली.

पहिल्या घाण्याचं काय सांगावं! लोणी ओट्यावर ठेवून ते मैदा शोधत बसले, तोवर लोणी विरघळलं. पारी रबरासारखी झाली, लाटली की आक्रसायची. पाक त्यांनी भाजून झाल्यावर वरून ओतला. गाठोडी बाहेरून करपली होती, आत सफरचंद कचकचत होतं, आणि पाक ताटलीत पाण्यासारखा पसरला होता.

"पाक आधी ओतायची," लेक एकदम म्हणाली. "ट्रेमध्ये गाठोडी मांडली की गरम पाक भोवतीनं ओतायची आणि मग ओव्हनमध्ये सरकवायची. चर्र आवाज यायचा. मी अभ्यासाला बसायचे ना इथं."

"कच्च्या पिठावर पाणी? लगदा होईल."

"बाबा, आवाज मी ऐकलाय."

त्यांचा विश्वास बसला नाही. पण आपल्या कुठल्याही मतावर त्यांचा स्वतःचाच फारसा विश्वास नसे, तेव्हा त्यांनी ऐकलं. शनिवारी सकाळी दुसरा घाणा निघाला तेव्हा वरची मुरड खरपूस होती, आणि तळाची पारी पाक पिऊन अशी मऊ झाली होती की चमचा टेकवताच खचावी. आजारी माणसाला याहून सोपं काय असणार! लेकीनं त्यांच्या पाठीवर मैद्याचा पंजा उमटवला.

पाकात त्यांनी दालचिनी आणि जायफळ घातलं होतं.

बायकोनं वास घेतला. तिच्या नाकपुड्या हलल्या, हे त्यांनी पाहिलं, नर्सनंही पाहिलं. त्यांनी मऊ भाग चमच्यात घेऊन तिच्या ओठांपाशी नेला. तिनं डाव्या हातानं त्यांचं मनगट धरलं आणि चमचा परतवला.

"अगं, थोडंसं. माझ्यासाठी."

"अहो," ती म्हणाली. दुकानदारानं सुटे पैसे कमी दिले की ती ज्या सुरात अहो म्हणायची, त्याच सुरात.

जायफळ नसणार, त्यांनी ठरवलं. दुपारी लवंग घालून पाहिली. संध्याकाळी जायफळ काढून सुंठ घातली. बायको दर वेळी वास घ्यायची, दर वेळी तिच्या डोळ्यांत काहीतरी यायचं आणि दर वेळी चमचा परत. रविवारी उजाडायच्या आधीच ते पुन्हा ओट्यापाशी उभे होते. घरभर सफरचंदांची सालं, भांड्यांच्या बुडाला काळी साखर, सगळ्या डब्यांची झाकणं उघडी. वेलची घातली. मग सगळंच थोडं थोडं घातलं. पाक चाखून पाहत, डोळे मिटून आठवायला बघत, आणि डोळ्यांपुढे येई ते कुठल्यातरी पुस्तकाचं पान. वाळवंटातला तांडा आठवत होता, विहिरीचं वर्णन आठवत होतं, डाव्या पानावर तळाशी पडलेला पाकाचा डागही आठवत होता. चव आठवत नव्हती. एवढी वर्षं तोंडात घातलेली वस्तू! त्यांनी कपाळ ओट्याच्या कडेला टेकवलं. लेकीनं ओव्हनचं दार लावलं आणि ती सालं गोळा करायला लागली. ती रागावली असती तर बरं झालं असतं.

दुपारी वॉर्डात पलंगाशेजारच्या टेबलावर उद्याची तयारी येऊन पडली होती. बंद पिशवी, पिशवीत वेटोळं घातलेली पारदर्शक नळी. बायको तिच्याकडेच बघत होती.

ग्रंथपालांनी डबा उघडला, चमच्यात मऊ पारी आणि सफरचंद घेतलं, वर पाक घेतला, आणि चमचा पुढे केला. पाक चादरीवर ठिबकला. तिनं मनगट धरलं.

"नको ना गं असं करू," ते म्हणाले. शेजारच्या बाईंनी तोंड भिंतीकडे वळवलं. "मला नाही जमत तुझ्यासारखं. चुकलंय, मला माहीत आहे चुकलंय. पण उद्या ते लोक... अगं, मी शब्द दिलाय तुला. एक घास खा. वाईट असला तरी खा."

"अहो," ती म्हणाली. मनगट सोडलं नाही. ढकललंही नाही.

मग त्यांनी पहिल्यांदाच तिच्या हाताकडे नीट पाहिलं. ती चमचा दूर लोटत नव्हती. वळवत होती. सावकाश, पाक सांडू न देता, चमच्याचं तोंड तिच्याकडून त्यांच्याकडे वळवत होती. आणि तिचे डोळे त्यांच्या ओठांवर होते.

त्यांना त्यांचं जेवणाचं टेबल दिसलं. ती वाढायची, स्वतःची ताटली पुढे घ्यायची, आणि तिला हात लावायची नाही. त्यांच्या तोंडाकडे बघत बसायची. ते एक पान उलटायचे, दुसरं उलटायचे, आणि कधीतरी म्हणायचे, "छान." मग ती चमचा उचलायची. गाठोडी असली की हे चुकायचं नाही. तिच्या आईच्या घरची रीत होती ती, ज्याला वाढलं त्यानं चाखून सांगितल्याशिवाय वाढणारीनं घास घ्यायचा नाही. लग्न झालं तेव्हा त्यांनी या रीतीची थट्टासुद्धा केली होती, आणि मग पुस्तकाच्या आडोशाला ती दिसेनाशी झाली. हे एवढे दिवस ते तिच्या ओठांपाशी चमचा नेत होते, आणि ती मात्र अजूनही वाढणारीच होती, त्यांच्या निकालाची वाट बघत उपाशी.

"मी आधी?" ग्रंथपालांनी विचारलं.

"अहो," बायको म्हणाली. हा अहो वेगळा होता. एवढं साधं कळायला एवढा वेळ लागतो का, असा.

त्यांनी चमचा तोंडात घातला. समोर पुस्तक नव्हतं, समोर ती होती. तोंड 'छान' म्हणायला उघडलंच होतं, सवयीनं. त्यांनी ते मिटलं आणि घास जिभेवर घोळवला.

"पारी खाली मऊ आहे," ते चाचरत म्हणाले. "पण मीठ घालायचं राहिलंय. मसाले फार झालेत, नुसती बाजारगर्दी आहे, कोण कुणाशी बोलतंय कळत नाही. वेलची नकोच होती. लवंग टोचते. आणि... थांब." त्यांनी आणखी एक चमचा घेतला. "नुसतं गोड आहे. तुझं असं गोड नसायचं. गोडाच्या मागून काहीतरी आंबट यायचं. यायचं ना? लिंबू?"

बायकोचा अर्धा चेहरा हलला, हलतो तेवढाच. तिला हसू आलं की रडू, ते त्या अर्ध्यावरून ओळखता येत नव्हतं. तिनं तोंड उघडलं.

त्यांनी तिला भरवलं. ती घोळवत राहिली, गिळलं, आणि तिला ठसका लागला. नर्स धावली, तिला पुढे वाकवलं, पाठ चोळली. ग्रंथपालांनी चमचा डब्यात टाकला. ठसका शमल्यावर तिनं पुन्हा तोंड उघडलं. फार नाही खाल्लं. एका गाठोड्याचा कोपरासुद्धा संपला नाही. नर्सनं तक्त्यावर काहीतरी लिहिलं आणि पदराबिदरानं नाही, सरळ हाताच्या पाठीनं डोळे पुसले.

सोमवारी डॉक्टरनं तक्ता पाहिला. त्याच्यासमोर ग्रंथपालांनी डब्यातलं लिंबू घातलेलं गाठोडं आधी चाखलं, निकाल दिला, "कालच्यापेक्षा बरं, पण पारी जाड," आणि मग तिनं थोडं खाल्लं. आदल्या दिवसाहून कमीच. डॉक्टरनं तक्ता पलंगाला परत अडकवला.

"एवढ्यानं भागणार नाही, आजोबा. तुम्हाला समजतंय ना?"

"समजतंय."

"दोन-तीन दिवस आणखी बघू. वाढलं पाहिजे. नाही वाढलं तर मला नाही म्हणू नका." त्यानं नळीची पिशवी टेबलावरून उचलली आणि कपाटात ठेवली. कपाट त्याच खोलीत होतं.

घरी येऊन ग्रंथपाल लिहायला बसले. या वेळी एकही कागद फाडला नाही. खाडाखोड झाली ती तशीच राहू दिली. तुझं पत्र मिळालं, उत्तराला उशीर झाला, असं लिहिलं. त्या वेळची गाठोडी कशी होती ते मला सांगता येणार नाही, कारण मी तेव्हा तिथं नव्हतो, असं लिहिलं. मग आजचं लिहिलं. मुरड किती खरपूस झाली, पाक चमच्यावरून कसा ओघळतो, लिंबू नेमकं कधी जिभेला कळतं. उद्या पारी पातळ लाटणार आहे, तू खाऊन बघ.

"रोज तर जाता," लेक म्हणाली. "हातातच द्या ना. आणि बाबा, आईला वाचता येईल की नाही, डॉक्टर सांगत नाहीयेत."

"तू वाचून दाखव. पण पोस्टानं यायला हवं. पोचायला दोन-तीन दिवस लागतील." ते पाकिटावर पत्ता लिहीत होते. तिचं नाव, वॉर्ड, खिडकीजवळचा पलंग. "तेवढे दिवस तरी ती त्याच पत्त्यावर हवी. खात असायला हवी."

लेक मान खाली घालून सफरचंद सोलत राहिली.

पोस्टाची पेटी चौकात, औषधाच्या दुकानाबाहेर होती. शेवटचं टपाल काढायची वेळ झाली होती आणि पोस्टमन कुलूप उघडून उभा होता. "आणा इकडे, काका," तो हात पुढे करून म्हणाला. ग्रंथपालांनी पत्र त्याच्या हातात दिलं. त्यानं पत्ता वाचला, त्यांच्याकडे पाहिलं, आणि पत्र पिशवीत टाकून पिशवीचं तोंड आवळलं.