सेंटपर्यंत जुळणारी पेटी

मित्रांनो, मला जरा हलवून पाहा. आत खुळखुळ ऐकू आली ना? तीच माझी ओळख. मी एक जुनी, हिरव्या रंगाची पत्र्याची पेटी. पैशांची. कडीपाशी माझा रंग उडाला आहे, झाकण करकरतं आणि स्वस्थ बसणं मला कधी जमलंच नाही.

पत्रा दाबला, कोपरे वळवले, कुलूप बसवलं, एवढाच माझा जन्म. बाड हॉम्बुर्गच्या एका स्टेशनरीच्या दुकानात मी दोन महिने धूळ खात पडले होते. मग एका शनिवारी श्यामकांत आले. जर्मनीतल्या हेसन राज्यातल्या मराठी मंडळांनी मिळून एक संघ काढला होता आणि त्याचे राज्य खजिनदार म्हणून त्यांची निवड झाली होती. एश्बॉर्नच्या कंपनीत लोकांच्या सॉफ्टवेअरमधल्या चुका शोधणारा माणूस, म्हणजे आकड्यांना चोख असणार, असं सगळ्यांनी धरून चाललं. त्यांनी माझं कुलूप तीनदा लावून-उघडून पाहिलं आणि मगच मला काखोटीला मारलं. मी राज्याची पेटी झाले! एस-बानमध्ये, म्हणजे इथल्या लोकल गाडीत, ते मला मांडीवर घेऊन बसले, तेव्हा मी फुगून गेले होते.

पहिल्या गणेशोत्सवात वडापावच्या स्टॉलवर नंदिनी होती. लग्न होऊन नुकतीच जर्मनीत आलेली, युरोच्या नाण्यांशी अजून ओळख नसलेली. संध्याकाळी मोजलं, तर विकलेल्या कुपनांपेक्षा बारा युरो कमी भरले. ती रडवेली झाली.

"जुळलं, वहिनी," श्यामकांत हसून म्हणाले. "माझंच मोजताना चुकलं होतं." आणि तिची पाठ वळताच खिशातले बारा युरो त्यांनी हळूच माझ्या पोटात सोडले. मला श्यामकांत तेव्हा फार आवडले.

तिसऱ्या वर्षी सभेत अध्यक्ष शरदचंद्र म्हणाले, "आपल्या खजिनदारांचा हिशेब सेंटपर्यंत जुळतो!" टाळ्या झाल्या, शाल-श्रीफळ मिळालं. तिथून सगळं बिघडलं. उत्सवाच्या दुसऱ्या दिवशी दुपारी स्वयंपाकघरातल्या टेबलावर ते मला उघडत, मोजत, पुन्हा मोजत आणि मग खिशात हात घालत.

"अहो, पुन्हा खिशातले घातलेत ना?" त्यांची पत्नी मालिनी विचारायची.

"अगं, सात युरोंसाठी कुणाकुणाला विचारत बसू?"

"विचारू नका. निदान लिहा तरी!"

त्यांनी कधी लिहिलं नाही. खरं सांगते मित्रांनो, पहिले बारा युरो नंदिनीसाठी होते, पुढचे सगळे टाळ्यांसाठी. लोक माझ्या झाकणावर कौतुकानं थाप मारायचे आणि मला आतून कसंतरी व्हायचं. वाटायचं, झाकण उघडून ओरडावं. पण पेटीला तोंड असलं तरी जीभ नसते. मी नुसती खुळखुळायचे.

अकरा वर्षं झाली. श्यामकांतांनी पद सोडायचं ठरवलं. इथे पद असं नुसतं सोडता येत नाही. आधी तपासनीस सही करतो, मग सभासद हात वर करून जबाबदारीतून मोकळं करतात. त्याला इथे एंटलास्टुंग म्हणतात. श्यामकांतांना दुसरं काही नको होतं. आपल्या नावाला डाग न लागता बाहेर पडायचं होतं.

तपासनीस होती मैत्रेयी, डार्मश्टाटला पीएचडी करणारी. सभेत ती वह्या घेऊन उभी राहिली.

"आल्झो, म्हणजे असं बघा काका, मी लॅबमध्ये एकच गोष्ट दहादा मोजते. दहाही वेळा अगदी तेच उत्तर आलं, तर मी आधी यंत्र तपासते. वडापावच्या गल्ल्यात अकरा वर्षांत एका सेंटचाही फरक नाही?"

श्यामकांतांचा हात माझ्या झाकणावर होता.

"कमी पडायचे," ते म्हणाले. "मी माझे घालायचो."

कुणीतरी टाळी वाजवली. मैत्रेयीनं वाजवली नाही. "एकूण किती घातलेत?"

"माहीत नाही. लिहिलं नाही कधी."

तेवढ्यात नंदिनी उठली. "म्हणजे पहिल्या वर्षी माझे पैसे कमी होते? भाऊजी, मी पुढे पाच वर्षं तिथंच उभी होते! सुटे देताना दोन युरोचं नाणं एक समजून देत असेन. तुम्ही सांगितलं असतंत, तर मी तेव्हाच शिकले नसते का?"

मैत्रेयीनं सही केली नाही. मोकळं करायला फार थोडे हात वर आले आणि निर्णय वर्षभर पुढे ढकलला गेला; तोवर खजिनदार तेच राहणार होते. त्या दिवशी एस-बानमध्ये त्यांनी मला मांडीवर घेतलं नाही, पायाशी ठेवलं. मला फार वाईट वाटलं.

पुढच्या गणेशोत्सवात मोजणी हॉलमध्येच झाली, सगळ्यांसमोर. हॉलची देखभाल करणारा हाउसमाइस्टर सहा वाजता किल्ल्या मागायला आला, तरी श्यामकांत मोजतच होते. चार युरो तीस सेंट कमी. त्यांचा हात सवयीनं खिशाकडे गेला. मग तोच हात वर आला आणि त्यानं पेन उचललं. "फरक: चार युरो तीस सेंट कमी." खाली सही.

सभेत तो आकडा वाचला गेला, तेव्हा टाळ्या झाल्या नाहीत. मैत्रेयीनं सही केली. मग हात वर आले, एकेक करत सगळे, नंदिनीचा सर्वांत आधी. श्यामकांतांनी डोळे पुसले.

आता मी नव्या खजिनदाराकडे, म्हणजे नंदिनीकडे असते. मित्रांनो, मला ओलीत ठेवू नका, वर्षातून एकदा बिजागरीला तेल द्या. आणि कधी मी कमी भरले, तर तशीच राहू द्या. दयेनंसुद्धा मला भरू नका. का कमी पडलं, ते एकमेकांना विचारा आणि लिहून ठेवा. मला बोलता येत नाही, तुम्हाला येतं.