माझ्या तोंडातले बत्तीस दात

मी बोलतोय, दगड झालेलं समुद्री कासव. घाई नसेल तर ऐका. मला तर जिवंतपणीही नव्हती.

आईनं वाळूत खड्डा केला, अंडी घातली, वर वाळू लोटली आणि मागं वळूनही न पाहता समुद्रात निघून गेली. मी वाढलो, पोहलो, मऊ मऊ शेवाळ गिळलं आणि एक दिवस चिखलात निजलो. नंतर काही कोटी वर्षं कुणीच त्रास दिला नाही. माणूस जन्माला यायचा होता ना!

मग खाणीत कुदळ लागली आणि मी संग्रहालयात आलो. पाठ शाबूत, कपाळ शाबूत, जबडा तेवढा हरवलेला. तो प्लास्टरचा करायचं काम तिथल्या मिस्त्रीकडे आलं.

"दात चांगले दणदणीत कर," संग्रहालयाचे साहेब म्हणाले.

"साहेब, कासवाला दात नसतात. चोच असते, पोपटासारखी."

"तू शिकलायस किती?"

"चौथी नापास."

"मग?"

एवढा भक्कम पुरावा मिळाल्यावर मिस्त्री बिचारा काय बोलणार? त्यानं आरशात बघून स्वतःचेच दात मोजले, माप दुप्पट केलं आणि माझ्या तोंडात बत्तीस बसवले. अक्कलदाढांसकट. अक्कल कुणाची, ते विचारू नका.

गर्दी लोटली. "बाप रे, काय दात!" म्हणत शिकलीसवरलेली माणसं माझ्यापासून चार पावलं मागं सरायची. शेवाळाला कळलं असतं तर हसून मेलं असतं.

वर्षं गेली. मिस्त्रीचे दात पडले, माझे राहिले.

एक दिवस त्याची लेक डबा घेऊन आली. शाळेत शिकवते ती. तिनं डबा आपटलाच.

"बाबा, कासवाला दात असतात का हो?"

मिस्त्री हात पुसू लागला.

"वर्गातली एक पोरगी म्हणाली, नसतात. मी तिला बाकावर उभं केलं. म्हटलं, माझ्या बापानं केलेत, मी लहानपणापासून बघतेय! आज मोठ्या बाईंनी पुस्तकच दाखवलं. तुम्हाला माहीत होतं?"

"होतं गं."

ती निघून गेली. डबा तसाच राहिला.

मिस्त्री साहेबांकडे गेला. "साहेब, ते दात काढू द्या."

"वेड लागलं का? लोक कासव बघायला येतात होय? दात बघायला येतात! शनिवारी तू निवृत्त होतोयस, सत्कार ठेवलाय. तो गोड होऊ दे."

सुट्टीच्या दुपारी मिस्त्री छिन्नी घेऊन आला. "आजोबा, जरा तोंड उघडं ठेवा," म्हणाला. जसं काही इतकी वर्षं मी मिटूनच बसलो होतो! एकेक दात त्यानं उतरवला, जागा भरली, चोच घडवली. चोच अशी उतरली की माझ्या आईनंही मला ओळखलं असतं. अर्थात, तिनं मला कधी पाहिलंच नव्हतं म्हणा.

सत्कार रद्द झाला. पण शनिवारी लेक अख्खा वर्ग घेऊन आली. त्या पोरीला माझ्यासमोर उभं करून म्हणाली, "ही बोलली तेच खरं. चूक माझी होती."

मागून मिस्त्री पुटपुटला, "तुझी नाही. माझी."

लेकीनं त्याच्या हातात डबा ठेवला. "बसा, जेवा. मऊ आहे. चावायचं काही नाही."

आता साहेबांनी माझ्यापुढे पाटी लावलीय : 'दात स्वच्छतेसाठी पाठवले आहेत. गैरसोयीबद्दल क्षमस्व.' लोक वाचतात, हळहळतात, परत फिरतात.

तुम्ही कधी आलात तर दात केव्हा येणार, एवढं मात्र विचारू नका. पाटी निघेपर्यंत मी थांबतो. मला कोट्यवधी वर्षांची सवय आहे. साहेबांच्या निवृत्तीला तर तीनच उरलीत.