चाचणीत पुसलं गेलेलं बोलणं

मी एक जुना माइक आहे. शर्टाच्या गुंडीपाशी चिमट्याने लावतात ना, तो बोटाच्या पेराएवढा. मित्रांनो, स्वस्थ बसणं माझ्या स्वभावातच नाही. डबीत ठेवलं तरी जीव वरखाली होत असतो.

माझी मालकीण अर्थतज्ज्ञ आहे. सरकारच्या आर्थिक आणि सांस्कृतिक धोरणांवर ती माहितीपट काढते. धाकटा भाऊ कॅमेरा सांभाळतो आणि ताईची बोलणी खातो. त्यांच्याबरोबर मी कारखाने पाहिले, ग्रंथालयं पाहिली. एका मंत्र्यांच्या कोटावर तासभर लटकलो. त्यात त्यांच्या पोटाची गुरगुर तेवढी मनापासूनची वाटली. एकदा उत्तम ध्वनीसाठी बक्षीस मिळालं, तेव्हा ताईने मला मऊ फडक्याने पुसलं होतं.

आमची एक पद्धत होती. मुलाखतीआधी आवाजाची चाचणी म्हणून ताई विचारायची, "सकाळपासून काय काय केलंत?" माणूस बोलायचा. भाऊ कॅमेऱ्याच्या पडद्यावर आवाजाबरोबर हलणारी हिरवी पट्टी बघायचा, ताई प्रश्नांचे कागद चाळायची. मग "आवाज छान आला" म्हणून ते पुसून टाकायचं, कारण मेमरी कार्डावर जागा हवी.

एक सरकारी नाट्यगृह बंद करायचं चाललं होतं. तिकिटं खपत नव्हती. निर्णय घेणारी समिती ताईचा माहितीपट आधी बघणार होती. तिथले दिवेवाले काका म्हातारे होते. त्यांच्या सदऱ्यावर मला लावलं आणि चाचणी सुरू झाली.

"सकाळपासून? दिवे लावून बघितले. दुपारी शाळेतल्या वीस-बावीस मुली येतात तालमीला. घरी जागा नाही त्यांना. मी आपलं दार उघडून देतो. तिकीट कसलं मागणार पोरींकडे? कुठल्या नोंदीत नाहीत त्या."

मी उडालोच! ताई, ऐक गं, हाच तुझा माहितीपट! पण ताईची मान कागदात होती. "आवाज छान आला," ती म्हणाली आणि भावाने ते पुसलं.

खरी मुलाखत सुरू झाली तसे काका ताठ बसले. "नाट्यगृह ही समाजाची गरज आहे," एवढंच घोकल्यासारखं म्हणाले. मग माहितीपटात राहिले रिकाम्या खुर्च्यांचे आकडे. समितीने ते पाहिले आणि नाट्यगृहाला कुलूप लागलं.

काही महिन्यांनी आम्ही पुन्हा तिथे गेलो. बंद दारापुढच्या पायऱ्यांवर मुली तालीम करत होत्या. रस्त्यावरच्या गाड्यांमुळे एकीचं वाक्य दुसरीला ऐकू येत नव्हतं. काका उन्हात उभे राहून त्यांना गाड्यांपासून सांभाळत होते. विचारपूस झाली, तशी ताई चिडली.

"काका, हे मला आधी का नाही सांगितलंत?"

काका गोंधळले. "सांगितलं होतं की, बाई. तुम्हीच म्हणालात, आवाज छान आला."

ताईने हातातले कागद मिटले आणि ती पायरीवर मुलींचं ऐकायला बसली.

आता ती चाचणी पुसत नाही. नाट्यगृहाचं कुलूप मात्र तसंच आहे, आणि मला अजून चैन नाही. मित्रांनो, माझी वायर सोलली आहे, तिला चिकटपट्टी लावलीत तर बरंच वाटेल. पण त्याआधी समोर बोलणाऱ्या माणसाकडे नीट लक्ष द्या. त्या दिवशी नाट्यगृहात काकांचं ऐकायला आम्ही तिघं होतो, आणि ऐकलं फक्त मी.