शेंड्याच्या बांधीले आधी

बसा जी, गाडी त्या मोहाच्या झाडाखाली लावा. आमच्या इकडचा प्रतापगड कुठं पळून नाई जात. चहा येऊन राहिला, तवर एक गोष्ट आयका. दुसऱ्या कोनी सांगतली असती त मीच म्हनलो असतो, बुढा फेकून राहिला. पन मी होतो ना बा तिथं.

आमच्या गावाचे दोन टोले, म्हंजे दोन वस्त्या. वरचा पहाडीपाशी, खालचा पार पाटाच्या शेवटाले. वरच्यायले वेळ अडवता येते, मूठ आवळली का थांबली. खालच्यायले ओढता येते, विहिरीतून दोर ओढाव तशी. अन् वेळ आमच्याकडं पान्यासारखी, पहाडीवरून खाली येते. मंग भांडन कसं नाई होनार? वरच्यानं अडवली का खालच्याचं दूध तापत नाई. खालच्यानं ओढली का वरच्याची भाजी जळते.

औंदा दिवाळीनंतर वरच्या टोल्यातले दुधरामबाबा शेवटच्या श्वासाले आले. जनमभर तलावाचं पानी वाटनारा मानूस. पोरगा बिसराम खाटेपाशी बसला अन् दोनी मुठी आवळल्या. "बापाले जाऊ देत नाई," म्हने. त्याच्या मागं सारा टोला मुठी आवळून बसला.

का सांगू जी! चुलीचा धूर खांबावानी उभा राहिला. सारसाची जोडी धानाच्या बांधीवर उडत होती, ती तिथंच टांगली, पंख पसरून. मानसं तेवढी हालत होती. मानसाच्या अंगात आपली थोडीक वेळ राहते, घागरीतल्या पान्यासारखी. पन येनाऱ्या लेकराजवळ कुठली वेळ?

अन् खालच्या टोल्यात चंद्रकुमारची बायको दुर्गेश्वरी बाळंत होऊन राहिली होती. लेकरू ना आत, ना बाहेर. ते पोरगी ओरडे, त वरच्या टोल्यापर्यंत आयकू येये. तिच्या अंगातली वेळबी सरत आली होती.

चंद्रकुमारनं टोला गोळा केला अन् लागले सारे ओढाले. रिकाम्या हातानं, पाय रोवून. दोन टोल्यांच्या मधात परसाचं, म्हंजे पळसाचं झाड आहे. थ्याची एक बाजू वाळून गेली, एक बाजू हिरवीच, अन् मधातून चरचर फाटाले लागलं. आणखी ओढली असती त जमीनच फाटती.

तवा शकुंतलाबाई निंघाली. वरच्या टोल्याची लेक, खालच्याची सून. दोनीकडं शिव्या द्यायचा हक्क तिचा.

आधी चंद्रकुमारले म्हने, "सोड."

"आजी, बायको मरून राहिली माही!"

"म्हनूनच, सोड. फाटलेली वेळ तिच्या का कामाची? अन् मुठी आवळल्या मानसाले ओढलं का थो आणखीच आवळते."

थ्यानं रडत रडत हात खाली घेतले. मंग बुढी चढली बिसरामकडं.

"मोठी माय, बाप एकच राहते," बिसराम म्हनला.

"अन् खाली अडलेली ते पोरगी का बजारात भेटते? पाटाचं पानी आधी कोनाले, सांग."

"शेंड्याच्या बांधीले, पाटाच्या पार शेवटच्या वावराले."

"काऊन?"

"वरच्यानं आधी घेतलं त शेवटाले पोचतच नाई. पन थे पान्याचं आहे."

"बापालेच इचार ना मंग. एक बोट उचल, बोलापुरती वेळ जाऊ दे."

बिसरामनं एकच बोट उचललं. बाबानं डोळे उघडले.

"कोन रडून राहिली गा?"

"खालची दुर्गेश्वरी, बाबा. बाळंत होत आहे."

"मंग बांध कायले घातला, गधड्या? शेंड्याले गेलं नाई अजून. सोड."

"बाबा, तुमी..."

"सोड ना बेटा."

बिसरामनं मुठी उघडल्या. मांगं साऱ्या टोल्यानं उघडल्या.

थे पाहाले पाह्यजे होतं जी. आवाज काहीच नाई. पहाडीवरून जशी एखादी सावली उतराव, तशी वेळ उतरली. जिकून गेली तिकून धान पिवळा होत गेला, बांधीमांगं बांधी, बांधीमांगं बांधी. धूर वाकला. सारसं पंख मारून तलावाकडं गेली. आमच्या पायातून वेळ जात होती, थंडगार, अन् आमी सारे हात जोडून उभे. बाबाचा श्वास तिच्यासंगंच गेला. अन् खालून लेकराचं रडनं आलं. पोरगी!

बिसराम बापाले अग्नी देऊन सरळ खाली गेला, तिले पाहाले. उचलून घेतलन, अन् लगेच नवं भांडन. वरचे म्हनतेत, आमच्या बाबाच्या वेळेनं जलमली, नाव आमी ठेवू. खालचे म्हनतेत, घर आमचं, लेकरू आमचं. बारा दिवस भांडले, आज सकाळी शकुंतलाबाईनं निवाडा देलन: ज्यानं कधी वेळ अडवली नाई, ओढली नाई, असा वाटसरू नाव ठेवीन. दोनी टोल्यानं मान हालवली.

थे पाहा, दुर्गेश्वरी घेऊनच येऊन राहिली तिले. या जी, हात धुवा, अन् तिच्या कानात एक चांगलं नाव सांगा.