मुआयन्याची नळी

पाटोद्याच्या सरकारी दवाखान्यात शिरेतून मिठाचं पाणी द्यायच्या रबरी नळ्या दोन होत्या. एक महामारीच्या, म्हणजे पटकीच्या, रोग्यांसाठी, दुसरी जिल्ह्याच्या तालुकदारसाहेबांसाठी. साहेबांची तब्येत ठणठणीत होती. त्यांना ती मुआयन्याच्या, म्हणजे तपासणीच्या, दिवशी फक्त बघायची असे. म्हणून नवी नळी काचेच्या कपाटात, मखमलीवर, कुलपात. जुनी महिनाभर या रोग्याकडून त्या रोग्याकडे फिरून भेगाळली होती, आत रक्ताची काळी पुटं चढली होती. उकळल्यानं रबर लवकर खराब होतं, म्हणून डॉक्टर विठ्ठलरावांनी उकळायलाही मनाई केलेली.

कंपाउंडर हबीबनं परवा त्याच नळीतून दोघांना पाणी दिलं. दोघंही महामारीतून सावरले, आणि हुडहुडी भरून तापानं गेले. डॉक्टरांनी कागदावर महामारीच लिहिली.

आज सकाळी धोंडीरामानं बायकोला, मनकर्णेला, बाजेवर घालून आणलं. डोळे खोल गेलेले, नाडी हाताला लागेना.

"डॉक्टरसाहेब, कपाट उघडा," हबीब म्हणाला.

"उद्या मुआयना आहे. जुनी काय मेली का बे?"

"जुनी न्हाई मेली. मानसं मेली."

"लई शहाणा झालास! सरकारी माल फाटेस्तोवर वापरायचा, कायदाच आहे तसा."

हबीबनं कात्री घेतली. डॉक्टरांच्या देखत जुन्या नळीचे चार तुकडे केले आणि त्यांच्या टेबलावर ओळीनं मांडले. "घ्या. फाटली."

"बडतर्फ करीन तुला!"

"करा. आधी किल्ली द्या."

दारात धोंडीराम उभा होता. नळीतलं त्याला काही कळत नव्हतं, पण किल्ली कुणाच्या खिशात आहे ते कळलं होतं. तो आत आला. किल्ली बाहेर आली.

हबीबनं नळी, सुई, भांडं, सगळं घड्याळ बघून उकळत ठेवलं.

"हबीबभाई, का म्हून थांबलात? ती चालली की!"

"उकळल्याबिगर न्हाई. शिव्या दे, पर थांब."

मग नळीतली हवा घालवून त्यानं सुई शिरेत घातली आणि भांडं उंच धरलं. तिसऱ्या भांड्याला मनकर्णेच्या मनगटात बारीक ठोका लागला.

ओसरीवरून डॉक्टर म्हणाले, "आता काढ ती. धू, पूस, मखमलीवर ठेव. साहेब सकाळीच येतील."

"साहेबांना हितंच आना," हबीब मान न वळवता म्हणाला. "नळी कामावर हाय. आन् ही काढली की दुसऱ्याला उकळूनच लावीन, मुआयना असो का नसो."

"कुणाच्या हुकमानं?"

हबीबनं धोंडीरामाच्या हातात भांडं दिलं, आणि चौथ्या भांड्याचं पाणी उकळत ठेवायला गेला.