दिवस मोजणारं गाणं

मित्रांनो, मी एक गाणं आहे. पण करमणुकीसाठी गुणगुणायचं साधंसुधं गाणं नव्हे. माझ्यावर एका अख्ख्या गावाचं वय मोजलं जातं. थोडा ताठा वाटला माझ्या बोलण्यात, तर वाटू दे. मी तो कमावलेला आहे.

माझ्या जगात सूर्य मावळत नाही. डोक्यावर टांगलेल्या दिव्यासारखा तो एकाच जागी असतो. सावली हलत नाही, त्यामुळे किती वेळ गेला ते कळायला मार्ग नाही. फार पूर्वी एका रंगारणीचं कापड सारखं काळवंडायचं, कारण ते हंड्यात किती वेळ ठेवायचं याचा अंदाजच येईना. वैतागून तिनं मला रचलं. माझी नऊ कडवी. एकेक कडवं शंभरदा म्हणायचं. नववं संपलं की दिवस संपला. शेवटची तीन कडवी झोपलेल्यांसाठी असतात; ती जागल्या हळू आवाजात म्हणतो.

हळूहळू भटारी, गवंडी, सुईणी, सगळेच माझ्यावर चालू लागले. तीनशे दिवस भरले की वर्ष उलटतं. त्या दिवशी चौकात सोहळा होतो आणि गावातली वयानं सर्वांत मोठी बाई मला सुरुवात करते. याहून मोठा मान आमच्याकडे नाही.

गावात दोन गल्ल्या, मध्ये ओढा. दोन्हीकडचे गाणारे वेगळे. खालच्या गल्लीत त्या पहिल्या रंगारणीच्या घराण्यातल्या दोन बहिणींपैकी थोरली राहायची. धाकटी एका वर्षानं लहान. ती वरच्या गल्लीतल्या शिंप्याला दिलेली. हा शिंपी तिथला मुख्य गाणारा.

एकदा शिंप्याचा घसा बसला. माझं चौथं कडवं दोनच ओळींचं, म्हणून वेळ इतरांइतकाच, पण सर्वांत संथ, श्वास पुरवून म्हणायचं:

*थांब गं घटके, पाण्याला रंग चढू दे,*
*थांब गं घटके, हाताला हात भिडू दे.*

त्यानं ते चक्क गाळलं. दिवस लवकर सरला, काम लवकर सुटलं. गल्ली खूश झाली. घसा बरा झाला, तरी चौथं कडवं काही परत आलं नाही.

मग कटकटी सुरू झाल्या. थोरलीनं आठ दिवसांत कापड देते म्हणावं आणि शिंप्यानं दारात येऊन आज नववा आहे म्हणून हुज्जत घालावी. वरचे म्हणायचे, तुम्ही रेंगाळता. खालचे म्हणायचे, तुम्ही पळता. सोहळेही वेगळे झाले. खालच्या गल्लीची आठ वर्षं भरत, तेव्हा वरच्यांची नऊ होत, आणि तेवढ्याच वेळी दोघांचं वर्ष एका दिवशी उलटे. माझं मात्र अंग तुटल्यासारखं झालं होतं. लवकर धावता यावं म्हणून कुणी पायाचं बोट कापून टाकतं का?

अशी खालची सोळा वर्षं गेली. दोन्ही गल्ल्या सोहळ्याला पुन्हा एकत्र जमल्या, तेव्हा सर्वांत म्हाताऱ्या बाया म्हणजे या दोघी बहिणी. पंचांनी वय विचारलं. थोरली म्हणाली, एकसष्ट. धाकटी म्हणाली, बासष्ट. वरच्या गल्लीनं टाळ्या पिटल्या. थोरली पदर सावरून बाजूला झाली.

धाकटी चौकातल्या पायरीवर चढली. तीन कडवी झकास झाली. मग वरच्यांनी पाचवं धरलं, खालच्यांनी चौथं. चौकात असा गलका झाला, की माझं मलाच ओळखू येईना. धाकटीनं हात वर केला. सगळे गप्प झाले. तिनं चौथं म्हणायला तोंड उघडलं, पण शब्द येईनात. लहानपणी रंगाच्या हंड्याशी बसून थोरलीनंच तिला ते शिकवलं होतं.

ती पायरी उतरली आणि बहिणीसमोर उभी राहिली.

"ताई, चौथं कडवं गेलंय माझ्याकडून. तू म्हण, मी मागून म्हणते."

सगळ्या गावासमोर तिनं 'ताई' म्हटलं आणि मान कुणाचा ते ठरून गेलं.

शिंपी कुरकुरला, "मग आपली जास्तीची दोन वर्षं वाया गेली म्हणायची?"

"वाया कशी जातील?" धाकटी म्हणाली. "आपण ती जगलोच कुठे होतो?"

थोरलीनं पायरीवर जाऊन सूर लावला. तिच्या मागून धाकटी आणि तिच्या मागून वरची गल्ली, अडखळत, चाचपडत. त्या दिवशी मी जितकं बेसूर झालो तितकं कधीच झालो नव्हतो, आणि इतकी छाती फुगून आली होती की विचारू नका. वरच्यांनी दोन वर्षं हिशेबातून काढून टाकली. लहान व्हायला, खरं सांगतो, कुणीच नाही म्हटलं नाही. शिंपी तर आरशासमोर जास्त वेळ उभा राहू लागला.

पुढे तीन वर्षांनी थोरली गेली. त्यानंतरच्या सोहळ्याला धाकटी पायरीवर चढली, तेव्हा तिचं वय कुणी विचारलं नाही. चौथ्या कडव्याला ती फार हळू झाली. मध्येच थांबली, डोळे पुसले, पुन्हा सुरू झाली. अख्खं गाव तिच्यासाठी थांबून राहिलं. शिंपीसुद्धा.

मित्रांनो, तुमच्याकडेही माझ्यासारखं एखादं जुनं गाणं असेल. ते म्हणाल तेव्हा पुरतं म्हणा. त्यातलं संथ कडवं कंटाळवाणं वाटेल, पण ते गाळू नका. कुणीतरी ते श्वास पुरवून पुरवून तुमच्यापर्यंत आणलेलं असतं.